अकरा सेकंदांची मिठी

"ती मिठी कापा," सेन्सॉरचे नूरबख्श म्हणाले आणि साखरेचा खडा दाताखाली धरून त्यांनी चहाचा घोट घेतला. "पडद्यावर बाईनं परक्या पुरुषाला कवटाळायचं नाही, हे तुम्हाला मी सांगायचं?"

चार वर्षं खपून, लोकांच्या घरात कॅमेरा लावून माहरोखनं हा पहिला सिनेमा उभा केला होता. तुरुंगातून सुटलेल्या मुलाला आई दारातच मिठी मारते, त्या अकरा सेकंदांसाठीच आधीचा दीड तास होता. नूरबख्शांचा शिक्का नाही, तर तेहरानमधल्या एकाही थिएटरात तो लागणार नव्हता.

"परका कुठला, आगा? खरीखुरी मायलेकरं आहेत ती," तिनं ठोकून दिलं.

"मग उद्या मुलाची जन्मनोंदीची पुस्तिका आणा. आईलाही आणा."

जिना उतरतानाच तिनं फोन काढला. मुलाचं काम करणारा बर्दिया कुठल्याशा नाटकमंडळीतून उचललेला. आईचं काम करणाऱ्या तूरान खानम एकट्याच राहायच्या, त्यांच्या तोंडून लेकराचा विषय कधी निघाला नव्हता. बाई गुणी, पण भारी चिकट. त्या मिठीच्या दिवशी तर त्यांनी सगळ्यांना रडकुंडीला आणलं. पहिल्याच वेळी उत्तम साधलं होतं, तरी हटून बसल्या, "नाही गं पोरी, जमलं नाही. आणखी एकदा." असं नऊ वेळा! उजेड गेला तेव्हा कुठे थांबल्या. माहरोख त्यांच्यावर चांगलीच खेकसली होती.

फोनवर सगळं ऐकून तूरान खानम एवढंच म्हणाल्या, "पुस्तिका मी आणते. तू तिथे तोंड उघडू नकोस."

दुसऱ्या दिवशी नूरबख्शांनी पुस्तिका उघडली. पंधरा वर्षांच्या पोराचा फोटो, आईचं नाव तूरान. ते पानं उलटत गेले. शेवटच्या पानावर त्यांचा अंगठा थबकला. बनावट कागद पकडला गेला, संपलं सगळं, असंच माहरोखला वाटलं. समोरचा चहा निवून गेला.

मग पुस्तिका मिटून त्यांनी ती दोन्ही हातांनी तूरान खानमना परत दिली.

"आईच आहे," ते मान वर न करता म्हणाले आणि त्यांनी परवान्यावर शिक्का मारला.

बाहेर चिनारांखाली येताच माहरोखचा जीव भांड्यात पडला. "कुठून पैदा केलीत हो ही?" म्हणत तिनं हसतच पुस्तिका हिसकावून घेतली, शेवटचं पान काढलं. तिथे आडवा शिक्का होता. मयत. तारीख सहा वर्षांपूर्वीची.

तिनं पुस्तिका मिटून दोन्ही हातांनी परत दिली. "खानम... त्या दिवशी पहिलीच वेळ छान झाली होती."

"ठाऊक होतं मला," तूरान खानम पुस्तिका पिशवीत ठेवत म्हणाल्या.