राखेच्या वस्तीतले चेहरे

तिसरं दारही तोंडावर बंद झालं, तेव्हा ध्वनिमुद्रक हेडफोन काढत म्हणाला, "ताई, कंपनीने यांना चांगलंच दमात घेतलेलं दिसतंय."

तिलाही तसंच वाटत होतं. याच वस्तीत तिने पहिला मोठा माहितीपट केला होता. वीजकेंद्राची राख वाळत घातलेल्या कपड्यांवर कशी उतरते, गरम पाण्याने नदीतले मासे कसे मेले, हे लोकांनी आपल्या तोंडाने सांगितलं होतं. म्हातारा कोळी, त्याची सून, शाळेतल्या बाई. सून तर जाळं सांधता सांधता अशी फाडफाड बोलली होती, की दूरदूरच्या थिएटरांत लोक उभं राहून टाळ्या वाजवत. त्या माहितीपटाने तिचं नाव झालं. पुढे खाणी झाल्या, धरणं झाली, तेलाने काळे पडलेले किनारे झाले. पण नाव निघे ते याच कामाचं.

आता उतारवयात त्या माणसांना पुन्हा भेटावं, त्यांचं पुढे काय झालं ते दाखवावं, म्हणून ती आली होती. कोळ्याच्या घराच्या जागी राखेचं तळं पसरलं होतं. सून कुठे गेली ते कोणी सांगेना. शाळेतल्या बाईंची बदली झाली म्हणे, आणि त्यातच त्यांनी हाय खाल्ली. उरलेले लोक कॅमेरा पाहताच मूग गिळून बसत. एका म्हातारीने तेवढे हात जोडले. "तुझा राग नाही गं बाई. पण आता जा."

बोलायला तयार झाला तो एकच माणूस, कंपनीचा निवृत्त जमीन-अधिकारी. नीटनेटकी बैठकीची खोली, खिडकीत कुंड्या. त्याच्या बायकोने चहा आणून ठेवला. दहशतीची कबुली याच्याच तोंडून काढायची, असं तिने मनाशी पक्कं केलं होतं.

त्याने दमदाटी साफ नाकारली. कोणाच्या अंगाला बोट लावलं नाही, कोणाला चढ्या आवाजात बोललो नाही, म्हणाला. राखेच्या तळ्यासाठी जागा मोकळी करून घेणं सुरुवातीला मात्र फार जड गेलं होतं. सगळी वस्ती एका सुरात गप्प. यांच्यात पुढारी कोण आणि नुसती मान डोलावणारे कोण, काही पत्ता लागत नव्हता.

"मग?" तिने विचारलं.

"मग तुमचा माहितीपट आला."

इतक्या वर्षांनी शत्रूच्या तोंडून ते ऐकून तिला जरा बरंच वाटलं. "तुम्ही पाहिलात?"

"पाहिला म्हणजे काय, ताई, आमच्या ऑफिसात आठवडाभर तोच चालू होता," कप तिच्याकडे सरकवत तो आदराने म्हणाला. "एकेक चेहरा थांबवून. आधी कोणाला उठवायचं, ते त्यावरूनच तर ठरवलं."