न आलेला उजेड

“आला का गं?” सासूबाईंनी विचारलं.

“थांबा जरा, आई. आत्ता कुठे सुरुवात झालीय.”

म्हातारी घाटाच्या शेवटच्या पायरीवर बसली होती. तिचा उजवा हात कोपरापर्यंत पाण्यात होता. सून शेजारी गुडघाभर पाण्यात उभी राहून तिला खांद्याला धरून होती. लाट मोठी नव्हती, पण म्हातारीच्या अंगात ताप होता.

वर्षातून एकदाच दोन्ही चंद्र बरोबर मावळत आणि त्या संध्याकाळी समुद्र आतून उजळे. आधी लांबवर एक हिरवट रेघ दिसे. मग तिचे तुकडे होत आणि एकेक तुकडा किनाऱ्याकडे येऊ लागे. बुडालेली माणसं होती ती. ज्याचं माणूस त्याच्याच हाताशी येई, कधी चुकत नसे. कुणी पहिल्याच वर्षी येई, कुणी दहा वर्षांनी. वाटीएवढा उजेड बोटांभोवती घुटमळे आणि विरून जाई. मग ते माणूस पुन्हा कधी येत नसे.

नवऱ्याचा उजेड येईपर्यंत बायकोच्या पायात पांढरा दोरा बांधत. दोरा आहे तोवर तिने खाडी ओलांडायची नाही, सासर सोडायचं नाही. हिच्या पायात तो सात वर्षं होता. नवरा एका सकाळी एकटाच होडी घेऊन गेला. होडी सापडली नाही, तोही सापडला नाही.

ती शिडं शिवायची. तिने लावलेलं ठिगळ दुसऱ्या शिवणाऱ्यालाही शोधून सापडत नसे. खाडीपलीकडे मोठं शिवणघर होतं. तिथल्या मालकिणीने तीनदा निरोप धाडला होता, ‘माझे डोळे थकले. तू ये आणि सगळं तुझ्या हातात घे.’ तिन्ही वेळा तिने निरोप्याला आपला पाय दाखवला होता आणि हसून पुन्हा सुई हातात घेतली होती.

सासूबाईंची नजर दोन वर्षांपूर्वीच गेली. पंधरा दिवसांपासून त्यांनी अंथरूण धरलं होतं. वैद्याने उठायचं नाही म्हणून बजावलं होतं. आज दुपारीच त्या उठून बसल्या. “तू नेतेस, की मी रांगत जाऊ?” म्हणाल्या. मग काय, नेणं भागच होतं.

आता उजेड कमी होत चालले होते. शेजारणीचा भाऊ येऊन गेला. ती डोळे पुसत घरी गेली. घाटावर चारदोन माणसं उरली. सासूबाईंच्या हाताभोवती पाणी काळंशार होतं.

“आला का?”

“अजून नाही.”

“बरं.” म्हातारीने सुस्कारा सोडला. “पुढच्या वर्षी विचारायला मी काही असायची नाही.”

हे त्या रडून म्हणाल्या असत्या तर सुनेने समजूत घातली असती. पण त्या अगदी सहज म्हणाल्या.

“आले, आई,” ती म्हणाली. “तुमच्या मनगटापाशीच आहेत. हळूहळू फिरताहेत.”

म्हातारीची बोटं पाण्यात हलली. कुणाच्या तरी केसांतून फिरवावीत तशी. “किती वाळलास रे,” ती पुटपुटली. आणि मग, एवढ्या तापात कुठून आणला कोण जाणे, तिने खणखणीत आवाज काढला.

“नावाडीदादा! लेक आला हो माझा! सुनेच्या पायातला दोरा सोडवा!”

सून चपापली. दोऱ्याचं तिच्या मनातही आलं नव्हतं. “आई, राहू द्या. उद्या बघू.”

“आज आला, आजच सुटायचा.”

दोरे सोडवायचा मान किनाऱ्यावरच्या सगळ्यांत वयस्कर नावाड्याचा; तो सावकाश पायऱ्या उतरून आला. त्याने पाण्याकडे पाहिलं. “विझला वाटतं?”

“तुम्ही यायला उशीर केलात. मी आई आहे त्याची, मला नाही कळणार?”

नावाडी वाकला. त्याने सुरीने दोरा कापला. दोरा पाण्यावर थोडा तरंगला आणि लाटेबरोबर गेला.

घरी आल्यावर सुनेने त्यांचे कपडे बदलले, अंथरुणावर निजवलं आणि त्यांचे गारठलेले पाय चोळत बसली.

“शिवणघराच्या बाईला निरोप धाड,” सासूबाई म्हणाल्या.

“मी कुठेही जात नाहीये. मी खोटं बोलले, आई. तिथे काही नव्हतं.”

“ठाऊक आहे मला. तुझे सासरे आले होते ना, तेव्हा पाणी कोमट झालं होतं. आज नुसतं गार होतं. नजर गेलीय माझी, कातडी नाही गेली.”

हे सुनेला ठाऊक असायचं कारणच नव्हतं. तिच्या हाताशी कधी कुणी आलं नव्हतं.

“मग तुम्ही दोरा का कापायला लावलात? पुढेमागे ते आले तर?”

“येईल कसा? तो बुडालाच नाही.” म्हातारीने भिंतीकडे तोंड केलं. “पहिल्याच वर्षी एक मिठाचा व्यापारी सांगून गेला मला. दुसऱ्या बंदरात घर केलंय त्याने. बायको आहे, मुलगी आहे. तेव्हाच मी सांगितलं असतं, तर तेव्हाच सुटली असतीस तू.”

पाय चोळणारे हात थांबले.

“लेक टाकून गेला ते सोसलं मी,” म्हातारी म्हणाली. “तूही गेली असतीस, ते नसतं सोसलं.”