कात्रीला आमिष

मोटारसायकलवर नन. टबात झोपी गेलेला महापौर. दारूच्या पिंपात पडलेली नवरी.

हे तिन्ही प्रसंग एलादिओने फक्त माद्रिदच्या सेन्सॉरसाठी चित्रित केले होते. कात्री त्यांच्यावर चालली, की रस्त्याकडेच्या चरात फुलं ठेवणारी मुकी बाई वाचेल, असा त्याचा डाव होता.

चित्रपट संपला तेव्हा सेन्सॉर मंडळावरचे पाद्री हसून हसून डोळे पुसत होते.

"एलादिओ, अरे ती नन! पोट दुखलं माझं. राहू दे सगळं."

"सगळं, फादर?"

"ती फुलंवाली तेवढी काढ. लोक कंटाळतील रे."

पुढे एलादिओने अकरा विनोदी चित्रपट केले. प्रत्येकात नन होती.

१९३६ च्या ऑगस्टमध्ये, यादवी युद्धात, पुढे हे सेन्सॉर नेमणाऱ्यांच्याच सैनिकांनी त्याच्या वडिलांना त्या चराकाठी उभं करून गोळ्या घातल्या होत्या.