चाकातला उंदीर

गाडीच्या ब्रेकचा, एबीएसचा पिवळा दिवा लागला, हळू चालवतानाही ब्रेक थरथरायला लागला, तेव्हा ‘तवंदी घाटातला मुंजा चाकात शिरलाय,’ अशी आवई मीच उठवली. मुलगा परशराम चिडला. “आप्पा, चाकाला कुणी हात लावला असंल, तर उद्या बेळगावास्नं नीलमला बाळंतपणाला आणायला त्यानं यायचं न्हाय!” एकुलती नात माझी, मी मुंजाचंच तुणतुणं चालू ठेवलं. निपाणीतल्या करिष्मा मेकॅनिकनं गाडी उचलून चारी चाकांचा वेग मोजणाऱ्या सेन्सरना मीटर लावला. सगळे ठणठणीत. पण पोरगी वस्ताद. पुढचं चाक वळवलं, तर मीटरवरचा आकडाच गडप! सेन्सरची वायर काळ्या दोऱ्यानं स्प्रिंगला करकचून बांधलेली, वळताना ताणून तुटत आलेली. तिनं माझ्या मनगटावरचा तसलाच दोरा पाहिला. “उंदरानं कुरतडलीया,” ती परशरामला म्हणाली. मग स्प्रिंगचा दोरा कापून माझ्या मुठीत कोंबत कुजबुजली, “आप्पा, उंदराला सांगा, दृष्टीचा दोरा आरशाला बांधायचा.”