डबीतला तुकडा
युद्धानंतर अमेरिकनांच्या ताब्यातल्या म्युनिकमध्ये दिग्दर्शक क्रेल यांचा जुना सिनेमा पुन्हा लागणार होता. “नाझी झेंड्यांची सगळी दृश्यं कापून टाका, रोस्विताबाई,” ते संकलक बाईंच्या टेबलाशी वाकून म्हणाले. “अमेरिकनांचा हुकूम आला?” “येईलच की. आपण आधीच उरकू.” “तुमची सवय काही जात नाही, साहेब.” बाईंनी खणातून सिगारेटची डबी काढली. आत फिल्मचा तुकडा होता. त्यावर याच सिनेमाच्या लेखकाचं नाव, यूलियुस बाउम. बाउम ज्यू होता, म्हणून हिटलरच्या काळात ते कापलं गेलं. “वरून हुकूम आला, माझा नाइलाज झाला,” असं क्रेल चौदा वर्षं सांगत आले होते. पण कापलेल्या प्रत्येक तुकड्यावर बाई तारीख टाकत. ही तारीख हुकुमाच्या तीन आठवडे आधीची होती. “पुन्हा जोडू का?” “आधी वर विचारून घेऊ,” क्रेल बोलून गेले, आणि त्यांना बाईंकडे बघवेना.