शिट्टीचा नियम

सराव खरा वाटावा म्हणून बचाव केंद्राचे वस्ताद बाहुल्याला आपलाच जुना गणवेश घालून रोज सकाळी पुलावरून नदीत टाकायचे. खाली काठाला दोराने बांधलेल्या नावेत जवान तयार असायचे. पण वस्तादांची शिट्टी होईपर्यंत दोर सोडायचा नाही, हा एकतीस वर्षांचा कडक नियम. घाई केली म्हणून दोघांना त्यांनी कायमचं घरी बसवलं होतं.

आज बाहुला कठड्यावर चढवताना वस्तादांचाच तोल गेला. बाहुला वरच राहिला. नाकातोंडात पाणी गेलेलं, शिट्टी फुंकायला श्वास नाही. ते नुसते हात मारत राहिले.

"अरे, आज बाहुला हातसुद्धा हलवतोय! सोडू का दोर?" नावेतल्या एकाने सोबत्याला विचारलं.



"गप बस! शिट्टीआधी सोडलास, तर म्हातारा तुला जिवंत ठेवायचा नाही."