सूर धरणारी

सगुणबाबा पहिल्या रांगेत मान उंच करकरून बघतायत, पण लेक काय दिसत नाही. देशाचा एवढा मोठा सिंफनी ऑर्केस्ट्रा पणजीला आलाय, स्टेज गच्च भरलंय, आणि इथून दिसतात फक्त काळे बूट नि व्हायोलिनचे गज. शेजारी थोरला मुलगा देवेश खिदळतोय.

"बाबा, थंय पण पाठीच बसयलीहा तिका!"

गावात, पार्सेला, सेजल पाठीच बसायची. देवळात पालखी निघाली की बाप नि देवेश पुढे सनई वाजवणार, आणि हिने मागे बसून दुसऱ्या सनईवर एकच सूर धरायचा. गाल फुगवून, नाकाने श्वास घेत, जराही न तोडता. पालखी फिरून येईपर्यंत तोच. देवेश चिडवायचा, "डिचोलीच्या ट्रकाचो हॉर्न पण दोन सुरांत वाजता गो, तुझो आपलो एकच!" तिने पुढची सनई मागितली की सगुणबाबांचं पोरीला उत्तर ठरलेलं. "चेडवान पुढे बसाचा नाय. तू आपलो सूर धर."

एक दिवस तिने तो सूर खाली ठेवला आणि सरळ मुंबई गाठली. ओबो शिकली. सनईसारखंच लाकडी, फुंकायचं वाद्य. हट्टाने परीक्षा देऊन या ऑर्केस्ट्रात शिरली. आणि आज सकाळी तिकिटं द्यायला घरी आली ती उभ्या उभ्या म्हणाली, "बाबा, येत्या जत्रेक सनई मी वाजवतलंय. पुढे बसून."

सगुणबाबांनी चहात उंडो पाव बुडवला. "थंय तरी तुका पुढे बसयतत?"

"नाय. पाठीच बसयतत. तरी येवा, नि मगे बोला."

आता मुख्य व्हायोलिनवाला उठून उभा राहतो. हॉल चिडीचूप. वाद्यं सगळ्यांनी सावरलीत, पण एक तार कोणी छेडत नाही. सगळे कसली तरी वाट बघतायत. तो मागे वळतो, गर्दीत कोणाला तरी मान झुकवतो.

आणि मागून एक सूर येतो.

एकटाच. सरळ. कुठे म्हणून तुटत नाही. सगुणबाबा अर्धे उठतात. तोंड दिसायची गरजच नाही, हा श्वास त्यांनी वर्षानुवर्षं पाठीमागून ऐकलाय.

मग व्हायोलिनं त्या सुराला येऊन मिळतात. मग चेलो, मग कर्णे. खुंट्या पिळत, कान लावत, अख्खा ऑर्केस्ट्रा तिच्या मागे. ज्याचा सूर हुकतो तो थांबतो, तिचा ऐकतो, परत लावतो. ती हलत नाही. सगळे जुळले तरी सोडत नाही, अजून धरूनच.

"बाबा, सुरू झाला काय?" देवेश कुजबुजतो.

"गप रे," सगुणबाबा म्हणतात. "जत्रेक सनई तिका दी. तू पाठी बस, नि आदी सूर धरूक शीक."